बोबड्या बोलांकडून स्पष्ट उच्चारांकडे

‘आजोबा, लाजाची गोष्ट सांगा ना,’ असा हट्ट साडेतीन वर्षांच्या नातवाने धरावा आणि आजोबांनी कौतुकाने त्याचाच सूर धरून ‘बरे, ऐक. एक होता लाजा...’ अशी सुरुवात करावी, की पुष्कळदा नातू रागावतो. ‘लाजा नाही हो, लाजा!’ असे तो ठासून सांगतो. घरातली मंडळी हसतात. नातवाला मात्र हसण्याचे कारण कळत नाही. आजोबा चुकीचे बोलले हे त्याला ऐकू आले. आपणही तेच बोललो, हे ऐकू आले नाही.

मुलांच्या भाषाशिक्षणाचा अभ्यास करणारे अमेरिकी संशोधक जीन बर्को आणि रॉजर ब्राऊन यांनी १९६० मध्ये असाच प्रसंग नोंदवला होता. एक मूल आपल्या खेळण्यातल्या माशाला ‘फिश’ऐवजी ‘फिस’ म्हणत असे. मोठ्या माणसाने ‘हा तुझा फिस का?’ असे विचारले, की ते नकार देई. ‘फिश’ म्हटल्यावरच त्याचे समाधान होई. मराठी घरांतल्या ‘लाजा’ची गोष्ट हीच आहे. दुसऱ्याच्या तोंडचा योग्य उच्चार मुलाला ओळखता येतो, परंतु स्वतःच्या तोंडचा उच्चार तपासून पाहण्याची सवय त्याच्या कानाला अजून लागलेली नसते. म्हणूनच ‘र म्हण, नीट र म्हण’ असा धोशा लावून काही साधत नाही. आपण ‘र’च म्हणत आहोत, अशी त्याची प्रामाणिक समजूत असते. अवघड उच्चार शिकवण्याचे काम जिभेपासून नव्हे, तर कानापासून सुरू करावे लागते, ते यामुळेच.

कोणता उच्चार केव्हा?

सर्व ध्वनी मुलाला एकाच वेळी येत नाहीत. ओठ मिटून उच्चारले जाणारे ‘प’, ‘ब’, ‘म’ आणि जिभेचे टोक दातांना टेकवून होणारे ‘त’, ‘न’ हे सामान्यतः आधी येतात. ‘मामा’, ‘बाबा’, ‘पापा’, ‘ताता’ हे शब्द बाळाच्या तोंडी लवकर येतात, त्याचे हे एक कारण. त्यानंतर ‘क’, ‘ग’ यांसारखे घशाजवळचे ध्वनी येतात. ‘स’, ‘श’, ‘च’, ‘ज’ यांना अधिक काळ लागतो. ‘र’, ‘ळ’ आणि जोडाक्षरे ही बहुधा शेवटची पायरी असते. २७ भाषांमधील अभ्यासांचा एकत्रित आढावा २०१८ मध्ये प्रसिद्ध झाला. बहुतेक व्यंजने पाच वर्षांच्या सुमारास मुलांना साधलेली असतात, असे त्यात आढळले.

म्हणजे तीन वर्षांच्या मुलाने ‘लाजा’ म्हणणे हा दोष नव्हे, ती वाटचाल आहे. पाच वर्षे पूर्ण झाल्यावरही ‘लाजा’ कायम असेल, तर मात्र लक्ष घालायला हवे. एकेका अक्षरापेक्षा एकंदर बोलणे किती समजते, हा ठोकताळा पालकांना अधिक उपयोगी पडतो. मुलाच्या बोलण्यापैकी साधारण निम्मे बोलणे परक्या माणसाला दुसऱ्या वर्षी समजावे, तिसऱ्या वर्षी पाऊण समजावे आणि चौथ्या वर्षी एखाददुसरा ध्वनी चुकला तरी जवळजवळ सारे समजावे. येथे ‘परका माणूस’ हे शब्द महत्त्वाचे आहेत. आई तर अर्ध्या शब्दावरून सारे ओळखते. त्यामुळे ‘मला सगळे कळते’ ही कसोटी पुरेशी नाही.

वर्णमाला हाच नकाशा

मराठी पालकांच्या हाती एक सोय आयतीच आहे. आपली वर्णमाला तोंडातील स्थानांनुसार रचलेली आहे. ‘क’वर्ग कंठाजवळ, ‘च’वर्ग टाळूशी, ‘ट’वर्ग मूर्ध्याशी म्हणजे टाळूच्या वरच्या घुमटाशी, ‘त’वर्ग दातांशी आणि ‘प’वर्ग ओठांशी. तोंडाच्या मागच्या भागातून पुढे येणारा हा प्रवास आहे. पहिलीतल्या पाठांतरात या रचनेकडे आपले लक्ष जात नाही. मूल कोणता ध्वनी कोणत्या ध्वनीने बदलते आहे, हे या नकाशावर पाहिले, की चूक कोठे आहे ते चटकन उमगते.

‘काकी’ची ‘ताती’ आणि ‘गाय’ची ‘दाय’ होते, तेव्हा ध्वनीचे स्थान मागून पुढे सरकलेले असते. ‘खा’चा ‘का’ होतो, तेव्हा स्थान बरोबर असते, श्वासाचा जोर कमी पडतो. ‘राजा’चा ‘लाजा’ होतो, तेव्हा स्थान जवळजवळ तेच असते, फक्त जिभेची हालचाल बदलते. चुकीचा प्रकार कळला म्हणजे उपायही सुचतो.

आधी कान

निवडलेला एकच ध्वनी घ्यावा. समजा ‘र’ घेतला. पहिले काही दिवस मुलाला तो उच्चारायला मुळीच सांगू नये. फक्त ओळखायला लावावे. ‘मी र म्हटले की टाळी वाजव’ असा खेळ मांडून आईने ‘ल, ल, र, ल, र’ असे म्हणावे. ते जमू लागले की शब्द घ्यावेत. ‘रस, लसूण, रवी, लाडू’ यांपैकी कोणत्या शब्दाच्या आरंभी ‘र’ आहे, ते मुलाने सांगावे. पुढच्या टप्प्यात आईने मुद्दाम चुकावे: ‘आज आपण आमलस खाऊ.’ मूल हसून चूक पकडते. चूक पकडणारा शिक्षक होण्यात मुलांना मोठा आनंद वाटतो. अखेरच्या टप्प्यात मोबाइलवर मुलाचे दोन-चार शब्द ध्वनिमुद्रित करून त्यालाच ऐकवावेत आणि ‘हा र आहे की ल?’ असे विचारावे. येथे प्रथमच त्याचा कान त्याच्या स्वतःच्या जिभेकडे वळतो. मुलाला ते ऐकून संकोच वाटत असेल, तर मात्र ही पायरी काही दिवस पुढे ढकलावी.

मग जीभ

या पायरीवर आरसा हे सर्वांत चांगले साधन. आई आणि मूल दोघांचे चेहरे दिसतील, असा आरसा समोर ठेवावा.

‘क’ आणि ‘ग’ : या ध्वनींत जिभेचा मागचा भाग वर उचलला जातो आणि टोक खालीच राहते. ‘ताती’ म्हणणाऱ्या मुलाचे टोक वर जाते. जिभेचे टोक खालच्या दातांमागे ठेवायला सांगावे, गरज पडल्यास स्वच्छ बोटाने ते हलकेच खाली धरावे आणि ‘ता’ म्हणायला लावावे. टोक अडल्यामुळे जिभेचा मागचा भाग आपोआप वर जातो आणि ‘का’ उमटतो. पाण्याच्या गुळण्या करताना घशाशी जी जागा जाणवते, तीच ही जागा, असे सांगितले तर मुलाला समजते. उताणे झोपून सराव केल्यास जीभ आपसूक मागे सरकते, त्याचाही उपयोग होतो.

‘स’ आणि ‘श’ : ‘स’ म्हणताना काही मुलांची जीभ दातांच्या फटीतून बाहेर डोकावते. दात हलकेच मिटून, हसल्यासारखे ओठ ताणून, ‘जिभेला घरात ठेव आणि साप कसा फुसफुसतो ते दाखव’ असे सांगावे. ‘श’साठी ओठ थोडे पुढे काढून, ओठांवर बोट ठेवून ‘शू’ म्हणावे. गप्प बसवण्याची ही खूण मुलांच्या परिचयाचीच असते. सहा-सात वर्षांच्या सुमारास पुढचे दुधाचे दात पडतात, तेव्हा ‘स’ काही काळ बिघडतो. नवे दात आले की तो बहुधा आपोआप सुधारतो. हवा गालांच्या बाजूंनी निसटून ‘स’ ओला आणि पसरट ऐकू येत असेल, तर मात्र घरी प्रयोग करीत न बसता तज्ज्ञांकडे जावे.

‘र’ : ‘ल’ म्हणताना जिभेचे टोक वरच्या दातांमागील हिरडीला टेकून राहते आणि हवा दोन्ही बाजूंनी निघते. ‘र’ म्हणताना तेच टोक तेथे क्षणभर आपटून सुटते. मुलाची जीभ योग्य जागी पोचलेली असते. तिला तेथून झटकन सुटणे शिकायचे असते. जिभेचे टोक दातांना न लावता, दातांमागच्या उंचवट्याला अगदी हलके लावून ‘अदा, अदा, अदा’ असे आधी सावकाश आणि मग वेगाने म्हणायला लावावे. वेग वाढला की त्या ‘द’चा ‘र’ होऊ लागतो. दुसरा मार्ग जोडाक्षरांचा. ‘ट्रिंग ट्रिंग’, ‘ड्रम’, ‘मित्र’, ‘चंद्र’ या शब्दांत जीभ आधीच वर गेलेली असते. त्यामुळे सुटा ‘र’ न येणाऱ्या काही मुलांना येथे तो सापडतो. सापडला की ‘त्र, त्र, त्‌...रा’ असे करीत त्याला हळूहळू मोकळा करावा.

‘ळ’ : मराठी मुलाची ही खास परीक्षा. जिभेचे टोक मागे वळून मूर्ध्याला लागते आणि पुढे झटकले जाते. ‘ड’चा उच्चार करताना टोक जेथे लागते, ती जागा मुलाला आधी दाखवावी. नंतर लांब ‘ल्‌’ म्हणत म्हणत टोक टाळूवरून मागे न्यायला सांगावे आणि तेथून ‘ळा’ म्हणून खाली सोडायला लावावे. मराठीत ‘ळ’ने शब्द सुरू होत नाही, हे ध्यानात ठेवून सरावाचे शब्द निवडावेत : बाळ, केळे, डोळा, शाळा, फळा, टाळी, गूळ, आंघोळ. मुलाच्या दिवसभराच्या जगण्यात ‘ळ’ किती भरलेला आहे, हे ही यादीच सांगते. आंघोळीपासून शाळेपर्यंत सराव आपोआप होऊ शकतो.

महाप्राण : ‘ख’, ‘ठ’, ‘थ’ म्हणताना तोंडासमोर धरलेला कागदाचा कपटा हलतो, ‘क’, ‘ट’, ‘त’ म्हणताना तो तितका हलत नाही. मुलांना हा खेळ फार आवडतो. ‘म्हैस’, ‘कोल्हा’, ‘कुऱ्हाड’, ‘उन्हाळा’ यांतील ‘ह’ बहुधा उशिरा येतो. ‘मैस’ ऐकून घाबरून जाऊ नये.

‘च’ आणि ‘ज’ यांची मराठीत आणखी एक गंमत आहे. ‘चार’ या संख्येतला ‘च’ आणि जनावरांच्या ‘चाऱ्या’तला ‘च’ वेगळे. ‘जीभ’मधला ‘ज’ आणि ‘जाळे’मधला ‘ज’ वेगळे. लिपी हा भेद दाखवत नाही. मूल तो केवळ ऐकून शिकते. ज्या घरात मराठी कमी बोलली जाते, तेथील मुलांकडून हा भेद सुटतो. परराज्यांत किंवा परदेशांत वाढणाऱ्या मराठी मुलांच्या पालकांनी यासाठी व्यायामांपेक्षा गप्पा, गोष्टी आणि आजी-आजोबांच्या दूरध्वनीवर भर द्यावा. ‘ष’चा ‘श’ होतो म्हणून मात्र मुलाला छळू नये. आजचे बहुतेक मराठी भाषक हे दोन्ही ध्वनी सारखेच उच्चारतात.

पायरीपायरीने

ध्वनी एकदा जमला म्हणजे तो बोलण्यात आला, असे नव्हे. अमेरिकी वाचा-उपचारतज्ज्ञ चार्ल्स व्हॅन रायपर यांनी १९३९ मधील आपल्या ग्रंथात मांडलेला क्रम आजही उपयोगी पडतो : आधी ऐकून ओळखणे, मग सुटा ध्वनी, मग ‘रा, री, रू, रे, रो’ अशी अक्षरे, मग शब्द, मग वाक्ये आणि अखेरीस सहज बोलणे. शब्दांतही ध्वनी आरंभी (‘रंग’), मध्ये (‘घरटे’) आणि शेवटी (‘घर’) असा सर्व ठिकाणी यायला हवा. एका पायरीवर दहापैकी आठ-नऊ वेळा यश आले, की पुढची पायरी घ्यावी. पुढे अडले तर निःसंकोच एक पायरी मागे यावे.

सरावाला रोज पाच ते दहा मिनिटे पुष्कळ झाली. रविवारी एक तास बसण्यापेक्षा रोजची पाच मिनिटे अधिक फळतात. राळ्यांची आणि पापडांची ती जुनी चपळ वाक्ये मात्र अगदी शेवटी आणावीत. ध्वनी अजून न साधलेल्या मुलाला ती म्हणायला लावणे म्हणजे चालायला शिकणाऱ्याला शर्यतीत उतरवणे होय.

सरावाच्या वेळेबाहेर मुलाला थांबवून सुधारू नये. मूल धावत येऊन ‘आई, दाली आली!’ म्हणाले, तर ‘गाडी म्हण आधी’ असे न म्हणता ‘हो का? गाडी आली? कोणाची गाडी?’ असे उत्तर द्यावे. योग्य शब्द त्याच्या कानी दोनदा पडतो आणि त्याची बातमीही वाया जात नाही. पाणिनीय शिक्षेत उच्चारांसंबंधी एक सुंदर दृष्टान्त आहे. वाघीण आपली पिल्ले दातांत धरून नेते, पण त्यांना पडू देत नाही आणि दातही लागू देत नाही. वर्ण तसे उच्चारावेत. मुलाची चूक सुधारतानाही तोच नेम साधावा लागतो.

हसे होण्याची किंमत

बोबडे बोल गोड वाटतात. पण पाहुण्यांसमोर तेच बोल पुन्हा पुन्हा म्हणायला लावणे किंवा मुलाला ‘बोबड्या’ म्हणून हाक मारणे त्याला महाग पडते. ‘कार्तिक’ किंवा ‘शर्वरी’ अशा नावाच्या मुलाला स्वतःचे नावच नीट सांगता येत नसेल आणि वर्गात हशा पिकत असेल, तर ते मूल नाव सांगणे टाळू लागते. मग ते अवघड ध्वनींचे शब्द टाळते, मग हात वर करणे सोडते. उच्चारातली ही अडचण लेखनातही उतरू शकते. ‘लाजा’ म्हणणारे मूल शुद्धलेखनातही ‘लाजा’ लिहिण्याचा संभव असतो. शिक्षकांनी अशा मुलाला सर्वांसमोर दुरुस्त करू नये, त्याला बोलण्यास पुरेसा वेळ द्यावा आणि चिडवणाऱ्यांना वेळीच आवरावे.

बोली म्हणजे दोष नव्हे

‘पाणी’ला ‘पानी’ म्हणणारे मूल ‘ण’ चुकवते आहे की आपल्या घरची बोली बोलते आहे, हे आधी पाहावे. वऱ्हाडीत ‘डोळा’ ‘डोया’ होतो. तो त्या बोलीचा नियम आहे, जिभेचा दोष नव्हे. मुलाचे आई-वडील, आजी जसे बोलतात तसेच मूल बोलत असेल, तर ते अचूक शिकले आहे. शाळेसाठी प्रमाण उच्चार त्याला अवश्य शिकवावा, पण जोडीला दुसरा म्हणून. घरच्या बोलीची लाज वाटायला लावून नव्हे.

काही गैरसमज

‘जीभ जड आहे’ हे घरोघरचे निदान. जिभेखालचा पडदा खरोखर आखूड असणारी मुले असतात, परंतु उच्चारदोषांचे ते नेहमीचे कारण नाही. शस्त्रक्रियेचा निर्णय डॉक्टर आणि वाचा-उपचारतज्ज्ञ यांनी मिळून तपासल्यावरच घ्यावा. वेखंड उगाळून जिभेला लावण्याची प्रथा अनेक घरांत आहे. त्याने उच्चार सुधारतात याला भरवशाचा आधार नाही आणि लहानग्याच्या तोंडात अशी मुळी घालणे निर्धोकही नाही. ग्रीक वक्ता डेमोस्थेनिस तोंडात खडे ठेवून बोलण्याचा सराव करी, ही कथा प्रसिद्ध आहे. तिचे अनुकरण मुलावर मुळीच करू नये, खडा श्वासनलिकेत अडकू शकतो. फुगे फुगवणे, मेणबत्ती विझवणे, जीभ बाहेर काढून फिरवणे हे खेळ म्हणून ठीक, पण केवळ त्यांनी उच्चार सुधारत नाहीत. बोलणे सुधारते ते बोलण्याच्याच सरावाने. घरात दोन भाषा बोलल्या जातात म्हणून उच्चारदोष होतो, हीसुद्धा चुकीची समजूत आहे.

तज्ज्ञांकडे केव्हा जावे?

वाट पाहण्यासारख्या गोष्टी आहेत, तशाच वाट न पाहण्यासारख्याही आहेत. दीड वर्षापर्यंत एकही अर्थपूर्ण शब्द न येणे, दोन वर्षांपर्यंत दोन शब्द जोडून न बोलणे, आलेले शब्द कोणत्याही वयात नाहीसे होणे, तीन वर्षांनंतरही बाहेरच्यांना बोलणे फारसे न समजणे, आवाज नाकातून येणे किंवा पिताना दूध नाकातून येणे, स्वरांचेही उच्चार चुकणे, बोलता न आल्याने मूल चिडणे किंवा गप्प होणे, यांपैकी काहीही आढळल्यास लगेच तपासणी करावी.

पहिली तपासणी कानांची. वारंवार सर्दी होणाऱ्या किंवा कान फुटणाऱ्या मुलाला काही काळ कमी ऐकू येऊ शकते. हाक मारल्यावर ते वळते, म्हणून घरच्यांना शंका येत नाही. पण ‘स’, ‘श’ यांसारखे बारीक ध्वनी त्याच्यापर्यंत पोचत नसतील, तर जीभ ते बनवणार कशी? अशा मुलाला कितीही सराव दिला, तरी तो वाया जातो आणि दोष मात्र त्याच्या ‘हट्टीपणा’ला दिला जातो. श्रवणचाचणी वेदनारहित असते आणि नवजात बाळाचीही करता येते.

स्पीच थेरपिस्ट म्हणजेच वाचा-उपचारतज्ज्ञ निवडताना त्यांची भारतीय पुनर्वास परिषदेकडे नोंदणी आहे, याची खात्री करून घ्यावी. मुंबईत वांद्रे येथे १९८३ मध्ये स्थापन झालेली अली यावर जंग राष्ट्रीय संस्था आणि म्हैसूर येथील १९६५ पासूनची अखिल भारतीय वाक् श्रवण संस्था या क्षेत्रातील प्रमुख सरकारी संस्था आहेत. अनेक वैद्यकीय महाविद्यालयांच्या रुग्णालयांतही ही सोय असते. २०१३ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात अंगणवाड्या आणि सरकारी शाळांतील मुलांची तपासणी होते. श्रवणदोष, दुभंगलेले ओठ वा टाळू आणि भाषाविकासातील विलंब यांचाही त्यात समावेश आहे. पुढील उपचारांसाठी मुलाला जिल्हा पातळीवरील केंद्राकडे पाठवले जाते. गावात पथक येईल तेव्हा पालकांनी आपली शंका आपणहून सांगावी. घाईच्या तपासणीत मूल एखादे वेळी तोंडही उघडत नाही.

तज्ज्ञांकडील आठवड्यातला अर्धा-पाऊण तास हा वाट दाखवण्यापुरता असतो. चालायचे असते ते घरी, रोज थोडे. आजोबांनी राजाची गोष्ट जरूर सांगावी, पण त्यात राजा ‘राजा’च राहू द्यावा. नातू काही महिने ‘लाजा’ म्हणत राहील. एक दिवस ‘लाजा’ म्हणून तो क्षणभर थांबेल आणि स्वतःकडेच संशयाने पाहील. त्या वेळी कोणी हसू नये. त्याचा कान जागा झालेला असतो, आणि ‘राजा’ आता फार दूर नसतो.